काकू कोल्हापूरला गेल्यात

मालिकेत एका सकाळी धाकटी सून म्हणाली,
"काकू कोल्हापूरला गेल्यात, बहिणीकडे."
बस्स, तेवढंच.
मी दाराआड चहाचा ट्रे धरून उभी.
कुणीतरी येऊन ट्रे काढून घेतला.

तो पुण्याचा बंगला आहे मोरेवाडीच्या माळावर,
मागून नुसतं प्लायवूड, सावलीला कुत्री झोपतात.
मी पिशवी उचलली, के.एम.टी. धरली
आणि अर्ध्या तासात
खरंच कोल्हापूरला आले.
सेटवर "येते हं" म्हणायचं,
स्टॉपवर उतरलं की जीभ आपोआप "येतो की".

अकरा महिने झाले.

कपिलतीर्थाला मेथीची पेंडी बांधता बांधता भाजीवाली विचारते,
"काकू, मुक्काम लांबला की हो बहिणीकडं?"
"गुडघे धरल्यात तिचे," मी सांगते,
"मी नसले तर कोण बघणार?"

मला बहीण नाही.
पण आता तिचं नाव यमुनाक्का आहे,
तिला गोडाची चोरून खायची सवय आहे,
परवा भाजीवालीनं तिच्यासाठी निर्गुडीचा पाला दिला, फुकट.
तो गरम करून
मी माझ्या गुडघ्यांना बांधला.

सतराव्या वर्षी पाणवठ्यावरच्या चौदा बायकांत मी होते.
कॅमेऱ्यामागून आवाज आला,
"ए डावीकडची, घागर खाली घे, हिरॉईन झाकत्येय."
पुढच्या सगळ्या सूचना साधारण अशाच.
मग मैत्रीण झाले, चिठ्ठी नेऊन देणारी.
मग वहिनी.
एकतिसाव्या वर्षी आई,
मुलगा माझ्याहून तीन वर्षांनी मोठा,
वाकताना कंबर धरून पुटपुटायचा,
"आशीर्वाद लवकर दे गं, चमक भरलीय."
मेकअपचे बाळूतात्या कानशिलावर पांढरं लावत म्हणायचे,
"भिऊ नको पोरी, धुतलं की जातंय."
परवा आरशात बघून त्यांची आठवण आली.
धुऊनही पाहिलं.

मी हेमलता साळोखे.
पडद्यावर बहुतेक वेळा साळुंखे,
एकदा नुसतीच हेमा व इतर.

आमचे हे उद्यमनगरात लेथवर होते.
शनिवारी शेवटच्या खेळाला
शेजारच्या अनोळखी माणसाला कोपरानं ढोसायचे,
"आता बघा हं, आता दार उघडंल ती."
मी दार उघडायची.
"कोण पाहिजे?" म्हणायची.
दार लागायचं.
हे उठून बाहेर यायचे,
सायकलचं कुलूप काढायचे,
पिक्चर संपला म्हणून.

ते गेले, त्यानंतर सोळाव्या दिवशी
कुणा दुसऱ्याच्या नवऱ्याला मी रडत होते.
"काकू, थोडं कमी," डिरेक्टर म्हणाला,
चांगला मुलगा होता, त्याला माहीत नव्हतं,
"मोठ्या सुनेचं रडणं अजून यायचंय."
कमी केलं. जमतं ते मला.

काल प्रॉडक्शनमधून फोन आला.
"काकू, दोन दिवसांचं काम आहे.
तुम्ही परत येता. बहीण वारली असं दाखवायचंय.
सुनेला मिठी, मग देवघर, संवाद नाहीत."
पैसे? तेच.
साडी? तुमचीच, फिकी बघा एखादी.

गॅसवर दूध होतं.
मी तेवढ्यात म्हणून गेले,
"बरी झालेली चालंल का?"
"काय?"
"बहीण. बरी होऊन मी परत आले, असं."
पलीकडे कुणीतरी हसलं, पंखा घरघरत होता.
"लेखकांना विचारून कळवतो."

दूध ऊतू गेलं, ओटा पुसला.
कपाटातून फिकी साडीही काढून ठेवली,
काम ते काम.

आज कपिलतीर्थाला गेले.
भाजीवाली तोंड उघडणार
त्याच्या आत मीच सांगितलं,
"उतार पडलाय.
दोन पेंड्या दे."